बोंड्याला लावलेलं हळदीकुंकू

हसणार असाल तर चहाचा कप आधी खाली ठेवा. मागे हाच किस्सा सांगत होते तेव्हा आमच्या नणंदेने अर्धा कप स्वतःच्या नव्या साडीवर सांडला आणि त्याचाही दोष माझ्याच माथी आला. तसा दोष माझाच होता म्हणा. सगळाच.

मी चाकणच्या बाजूला एका ऑटो पार्ट्सच्या कंपनीत इन्स्पेक्शनला आहे. अठरा वर्षं झाली. नग हातात घ्यायचा, माप घ्यायचं, मापात बसला तर पुढे, नाही बसला तर परत. वैशाली मॅडमच्या नजरेतून काही सुटत नाही, असं कंपनीत मानतात. घरी मात्र मी दूध उतू घालवणारी बाई म्हणून प्रसिद्ध आहे. काय करू, माप घेणं संपलं की माझं डोकं रजेवर जातं. कंपनीच्या बसमध्ये खिडकीला टेकले की मी जी हरवते, ती कुणीतरी खांदा हलवेपर्यंत परत येत नाही.

तर आमच्या सासूबाई. मी त्यांना आत्याबाई म्हणते. परभणीकडच्या. मामंजी गेल्यावर त्यांना आम्ही चिखलीला घेऊन आलो, थेट नवव्या मजल्यावर. गुडघे दुखायचे, डॉक्टर म्हणाले रोज चाला. आत्याबाई म्हणाल्या, कुठं चालू, शेत हाय का इथं? म्हणून मीच त्यांच्या मोबाईलमध्ये तो खेळ टाकून दिला. तुम्हाला माहीत असेल, चालत राहायचं, वाटेत चित्रविचित्र प्राणी भेटतात, ते पकडायचे, पाळायचे, वाढवायचे.

त्यांना पहिल्याच दिवशी सोसायटीच्या बागेत एक पिल्लू भेटलं. पांढरं, गुबगुबीत, मोठ्या कानांचं. कापसाच्या बोंडासारखं दिसतं म्हणून त्याचं नाव बोंड्या. आता या जातीच्या पिल्लाची गंमत अशी, की त्याला सोबत घेऊन दहा किलोमीटर चाललं की स्क्रीनच्या मधोमध एक गोल बटण उजळतं. ते उन्हात दाबलं तर पिल्लाचं सूर्यरूप होतं. दिवेलागणीला दाबलं तर चंद्ररूप. आणि एकदा झालं ते झालं, माघार नाही.

आत्याबाईंना चंद्ररूप हवं होतं. त्याचं चित्र त्यांनी बागेतल्या बायकांच्या मोबाईलमध्ये पाहिलं होतं. अंगातून निळसर उजेड झिरपणारं, पाय जमिनीला टेकतात की नाही कळू नये इतकं हलकं चालणारं. एकदा भाजी निवडता निवडता त्या मला म्हणाल्या, "गावाकडं आमी दोघं माळवदावर निजायचो बघ. चंद्र अंगावर यायचा. इथं त्यो बिल्डिंगीच्या मागं गेलाय. मोबाईलमध्ये तरी यिऊ दे." मी मेथी निवडत राहिले, पण आत कुठेतरी लागलं.

महिनाभर ही बाई दुखऱ्या गुडघ्यांनी बोंड्याला घेऊन चालली. कधी बागेला दोन फेऱ्या, कधी चार. आणि आठशे मीटर उरलेले असताना नवरात्रातल्या अष्टमीला जिन्यात पाय मुरगळला.

मी म्हटलं, उद्या खंडेनवमी आहे. आमच्याकडे मशिनी बंद असतात, त्यांची पूजा असते, दुपारी सुट्टी. आठशे मीटर म्हणजे कारखान्यात माझ्या दोन चकरा. द्या तुमचा फोन.

आत्याबाईंनी फोन दिला, पण सोडला नाही. एका टोकाला त्यांचा हात, दुसऱ्या टोकाला माझा. "निसतं चालवून आण. बटनाला हात लावू नको. बटन मी दाबणार, दिवे लागल्यावर." मी म्हटलं, आत्याबाई, मी काय लहान आहे का?

एरवी आमच्याकडे मोबाईल गेटवरच जमा करावा लागतो. खंडेनवमीला तेवढी सूट. तुम्ही कधी खंडेनवमीला कारखाना पाहिलाय? पाहायला हवा. वर्षभर कानठळ्या बसवणाऱ्या मशिनी धुऊन पुसून गप्प उभ्या असतात, गळ्यात झेंडूचे हार, कपाळावर टिळे. इतकी शांतता की आपल्या पायाखालची फरशी ऐकू येते. छपरावरच्या पारदर्शक पत्र्यांतून ऊन उतरलेलं, उदबत्तीचा धूर त्यात तरंगत असलेला. मी पैठणी नेसून त्या मशिनींमधून चालत होते आणि खरं सांगते, बोंड्या माझ्या बाजूनं चाललाय असं मला वाटत होतं. प्रेसच्या मागून डोकावतोय, हारातलं फूल हुंगतोय. मी दोनदा वळूनसुद्धा पाहिलं.

आठशे मीटर झाले. बटण उजळलं. मधोमध, गोल, सोनेरी, आणि त्याच्या वर बोंड्या आनंदाने उड्या मारतोय. इतका गोड दिसत होता की फोन बंद करवेना.

आमच्या इन्स्पेक्शनच्या खोलीत टेबलावर लाल कापड पसरून मापाची सगळी हत्यारं मांडली होती. व्हर्नियर, मायक्रोमीटर, गेज. दरवर्षी हळदीकुंकू मीच लावते. मनात आलं, महिनाभर आत्याबाईंना चालवलं ते याच फोनने, मग हेही हत्यारच की. बोंड्यालाही पूजेचा मान मिळू दे. ठेवला फोन मायक्रोमीटरच्या शेजारी. उघडाच.

आता आपल्या हाताला सवय काय असते ते तुम्हाला माहीत आहे. हळद मधोमध. मग कुंकू, त्याच जागी, हळदीवर. माझी बोटं चालली होती आणि मी तिथे नव्हतेच. मी परभणीच्या माळवदावर होते. चांदणं पडलं होतं, निळा बोंड्या कठड्यावरून हलके हलके चालला होता.

व्हर्नियरला हळद, कुंकू. मायक्रोमीटरला हळद, कुंकू. फोनला हळद. खेळाने विचारलं, 'रूप बदलायचं? नक्की?' आणि त्या 'नक्की'वर मी कुंकू लावलं.

शेजारी पूजेला उभे असलेले शिंदेभाऊ म्हणाले, "मॅडम, तुमच्या मोबाईलमध्ये कायतरी पेटलंय."

सकाळचे साडेदहा वाजले होते. लख्ख ऊन. उजेड ओसरला तेव्हा स्क्रीनवर एक लालभडक प्राणी उभा होता. विस्कटलेली आयाळ, सुटलेलं पोट, दोन्ही हात कमरेवर. तीन महिन्यांचं टार्गेट हुकल्यावर आमचे साहेब असेच उभे राहतात.

मी काय केलं असेल? शहाण्या बाईने घरी जाऊन सांगितलं असतं, आत्याबाई, चुकले. मी शहाणी असते तर तुम्ही आत्ता चहा पीत निमूट बसला असता का?

मी नकली बोंड्या बनवायचं ठरवलं. त्या जातीची पिल्लं काही दुर्मिळ नसतात. कँटीनच्या मागे अर्ध्या तासात एक सापडलं. तेच पांढरं अंग, तेच कान. नाव ठेवलं बोंड्या. त्या लालभडक लाल्याला प्राण्यांच्या यादीत पार तळाशी ढकललं. आता एवढंच उरलं होतं, की सूर्य मावळायच्या आत या पोराला दहा किलोमीटर चालवायचं. आणि बसमध्ये बसून केलेले किलोमीटर तो खेळ मोजत नाही, आधीच सांगून ठेवते.

बारा वाजता कंपनीची बस माझ्यासमोरून गेली. शिंदेभाऊ खिडकीतून हात करत होते, चढा, चढा. मी म्हटलं, व्हा पुढे, मला जरा चालायचंय. पैठणी, केसांत गजरा, पायात टाचेच्या चपला आणि समोर नाशिक रोड. त्यांनी जो चेहरा केला तो दिवाळीपर्यंत तसाच होता.

पण चालायला लागले आणि काय झालं सांगू? मला मजा वाटायला लागली. सण असल्यामुळे रस्ता निम्मा रिकामा होता. ट्रकच्या काचांवर झेंडूच्या माळा, वर्कशॉपच्या दारात फुटलेल्या नारळांचं पाणी वाळलेलं. कांद्याचा एक ट्रक गेला की वास मागे बराच वेळ रेंगाळायचा. माझ्यासोबत ते खोटं पिल्लू चाललं होतं आणि मी त्याच्याशी बोलत होते. त्याला सांगत होते, बाबा रे, घरी गेल्यावर जास्त बोलू नकोस, तू परभणीच्या बाईचा लाडका आहेस एवढं लक्षात ठेव. एका टेम्पोवाल्याने गाडी थांबवून विचारलं, ताई, सोडू का कुठं? मी म्हटलं, नको, याला चालवायचंय. त्याने माझ्या बाजूच्या रिकाम्या रस्त्याकडे पाहिलं आणि गाडी जरा जोरातच पुढे काढली.

मोशीच्या अलीकडे इंद्रायणीचा पूल आला तेव्हा चपला माझ्या हातात होत्या. पाणी संथ होतं, त्यावर ऊन तिरपं झालेलं. दहा किलोमीटर पुरे झाले आणि बटण उजळलं. मी फोन दोन्ही हातांनी कडेकडेने धरला, अंगठेसुद्धा मागे घेतले, आणि रिक्षाने घरी आले.

आत्याबाई बाल्कनीत बसल्या होत्या, पाय उशीवर. माझ्या पायांकडे त्यांनी एकदा पाहिलं. मी बादलीत गरम पाणी घेऊन शेजारी बसले आणि पाय सोडले. खाली दुकानांचे दिवे लागत होते. समोरच्या बिल्डिंगीच्या खिडक्या एकेक करून पिवळ्या झाल्या. तेव्हा आत्याबाईंनी पदराला बोट पुसलं आणि बटण दाबलं.

काय सांगू! निळा उजेड त्यांच्या तोंडावर पसरला. तो प्राणी उठला, वळला, अंग झटकलं, आणि चांदण्याचे कण उडाले. आत्याबाई किती तरी वेळ नुसत्या बघत राहिल्या. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. त्या क्षणी मला खोटेपणा अजिबात आठवत नव्हता, मी स्वतःच फसले होते. वाटलं, जमलं. चंद्र आला घरात.

मग त्यांनी फोन जरा लांब धरला. मग जवळ. मग कोपऱ्यात कुठेतरी बोट लावलं.

"वैशाली, हा किती किलोचा हाय बघ."

त्या खेळात प्रत्येक प्राण्याचं वेगळं वजन लिहिलेलं असतं, रूप बदललं तरी तेच राहतं. मी सवयीप्रमाणे पटकन वाचून दाखवलं, चार किलो सहाशे.

"माझा सात किलोचा व्हता," आत्याबाई म्हणाल्या. "महिनाभर माझ्यासंगं चाललेलं लेकरू हाय ते. मला वळखू यायचं न्हाई व्हय?"

नजरेतून काही न सुटणारी बाई मी! जात बघितली, रंग बघितला, कान बघितले, नाव घातलं. वजन बघायचं मला सुचलं नाही.

मग काय, सगळं सांगितलं. हळद, कुंकू, कँटीन, टेम्पोवाला, सगळं. म्हटलं, चुकले मी, तुमचा चंद्र घालवला. त्या शांतपणे म्हणाल्या, दाखव तरी. यादीच्या तळातून लाल्या वर काढला. तोच अवतार, हात कमरेवर, पोट पुढे. आत्याबाईंनी चष्मा लावून त्याला वरून खाली न्याहाळलं.

"ह्यो माझा," त्या म्हणाल्या. "रागावलाय नुसता. रागवंल न्हाई तर काय, भर उन्हात कुकू लावलंस त्याला."

आणि त्यांनी त्यालाच पुन्हा सोबती करून टाकलं.

मी विचारलं, आणि चंद्राचं हो, आत्याबाई?

"त्यो यील की कधी बिल्डिंगीच्या मागून. त्याला काय घाई हाय." मग त्या निळ्या, झुळझुळीत, माझ्या दहा किलोमीटरच्या पोराकडे त्यांनी एकदाच पाहिलं आणि फोन माझ्या हातात दिला. "हा तेवढा परत कर."

अठरा वर्षांत मी कुणाकुणाचे नग परत पाठवले याची गणती नाही. त्यातल्या एकाचंही तोंड मी कधी वर मान करून पाहिलं नव्हतं. त्या संध्याकाळी बादलीत पाय सोडून बसले होते आणि माझा पहिला नग माझ्या हातात परत आला. तक्रार करायला जागाच नव्हती हो. कारण अगदी रीतसर होतं: वजनात कमी.