सुईनं काढलेला धागा

माझा धाकटा भाऊ पिंपरीच्या पेनिसिलीनच्या कारखान्यात बाटल्या धुण्याच्या कामाला लागला, तेव्हा आमच्या आळीत त्याचा भाव वाढला. कारखाना नवाच होता. लोकांची दुखणी घालवणारं औषध आपल्या शिवारात तयार होतं आणि आपला पोरगा तिथं आहे, म्हणून आमची आई ताठ मानेनं चालायची. मीही चालायचो. खोटं कशाला लिहू?

एकदा त्याचा घसा धरला, ताप आला, गेला. मग पंधरवड्यानं सकाळी उठला तो डोळे सुजून. आई म्हणाली, झोप जास्त झाली. पण पुढं पायही सुजले. बोट दाबलं की खळी तशीच राहायची, आणि लघवी कोऱ्या चहासारखी व्हायला लागली. चिंचवडच्या डॉक्टरांनी सांगितलं, मूत्रपिंडाचं दुखणं आहे, पडून राहायचं आणि मीठ बंद. पेनिसिलीनच्याही सुया टोचून झाल्या. सूज उतरायची आणि पुन्हा चढायची. अळणी आमटी त्याच्या घशाखाली उतरेना. उन्हाळा गेला, दिवाळी गेली, तरी तेच.

शेवटी मी त्याला पुण्याच्या मोठ्या दवाखान्यात नेलं. तिथं विलायतेहून शिकून आलेले एक तरुण डॉक्टर होते. ते म्हणाले, लघवी तपासून दुखणं आहे एवढं कळतं. ते कुठवर गेलंय, बरं होण्यातलं आहे का, हे कळायचं तर मूत्रपिंडाचा बारीकसा तुकडा पाठीतून सुईनं काढून बघावा लागेल. इथं हे अजून फार जणांचं केलेलं नाही, आत रक्त जायची भीती असते, घरी विचार करून सांगा. मी म्हणालो, विचार झाला. कारकुनानं अंगठ्यासाठी शाई पुढं केली, ती मी मागं सरकवली आणि टाक मागितला. चौथीतून शाळा सुटली असली तरी सही येते मला.

भावाला पालथं निजवून पोटाखाली वाळूची पिशवी ठेवली. मला बाहेर थांबायला सांगितलं, पण मी दारातच उभा राहिलो. त्याला श्वास रोखायला सांगितला. सुई आत गेली, बाहेर आली. तिच्यातून नखाएवढा लांब, तांबूस, दोऱ्यासारखा तुकडा निघाला. सिस्टरनं तो औषधाच्या बाटलीत सोडला. भावानं मान वळवून बघितलं आणि मला म्हणाला,

"दादा, नारू निघाला बघ."

आता नारू कुणाला माहीत नाही. तेव्हा जे विहिरीत उतरून पाणी प्यायचे, त्यांच्या पायाला तो व्हायचा. फोड फुटला की त्यातून पांढऱ्या दोऱ्यासारखा किडा तोंड काढायचा. तो काडीला गुंडाळून रोज थोडा थोडा ओढायचा. सगळा निघाला की माणूस बरा. पाय सुजतो, दोरा निघतो, सूज जाते, हे आमच्याकडं पोरासोरांनाही ठाऊक. सूज आणि दोरा दोन्ही आपल्या डोळ्यांनी बघितल्यावर भावानं दुसरं काय समजायचं?

डॉक्टर म्हणाले, निकालाला आठवडा लागेल. दुसऱ्या दिवशी सोडलं. घरी आलो तर संध्याकाळपर्यंत सगळ्या आळीत झालं की पुण्याच्या डॉक्टरनं पाठीतला नारू काढला. मशिदीजवळ दुकान असलेले एक चाचा गावातले नारू काढायचे. ते मुद्दाम बघायला आले.

"पोरा, अख्खा आला ना? तुटला तर लई वाईट."

"अख्खा आला, चाचा. काडीबी लागली न्हाई."

"मग आता आम्हाला कोण इचारतंय," चाचा म्हणाले, आणि सगळे हसले.

त्या रात्री आईनं मटण केलं, मीठ घालून. मी म्हणालो, निकाल येऊ दे. आई म्हणाली, पुण्याच्या गाडीत बसून आलास म्हणून डॉक्टर झालास व्हय रं. भावानं रस्सा ओरपला. किती महिन्यांनी त्याच्या तोंडावर चव दिसली. त्या आठवड्यात सूज गुडघ्यापर्यंत चढली. आई म्हणाली, दुखणं निघून गेलं की जागा सुजतीच, नारूत न्हाई का होत?

निकालाला मी एकटाच गेलो. डॉक्टर कागद वाचायला लागले, तेव्हा मी म्हणालो, कागद राहू द्या, मला तो तुकडा दाखवा. ते हसले नाहीत. सूक्ष्मदर्शक यंत्राशी स्टूल ओढून त्यांनी मला बसवलं. पहिल्यांदा मला माझ्या पापणीचे केसच दिसले. मग त्यांनी एका निरोगी मूत्रपिंडाची काच लावली. गुलाबी रंगात गोल गोल घोस होते, मोकळे, मेथीच्या जुडीसारखे सुटे. ह्या गाळण्या, डॉक्टर म्हणाले, रक्त इथं गाळून निघतं. नंतर भावाची काच लावली. त्यात बहुतेक घोस आटून घट्ट गोळा झालेले होते, आणि भोवती जखम भरल्यावर राहतो तसा वण.

डॉक्टर म्हणाले, गाळण्यांना नुसती सूज दिसली असती तर मी तुम्हाला धीर दिला असता. कितीतरी जणांची उतरते. पण मिटलेली गाळणी पुन्हा उघडत नाही. उरल्यात त्याही मिटत चालल्यात. वर्षभर काढेल, कदाचित तेवढंही नाही. मीठ सांभाळा, म्हणजे दम कमी लागेल.

मी म्हणालो, "मला दोन आहेत. त्यातलं एक काढा आणि त्याला घाला. आम्ही एकाच आईच्या पोटचे आहोत."

"शरीर दुसऱ्याचं ठेवून घेत नाही हो," ते म्हणाले. "सख्ख्या भावाचंही नाही. तिकडं परदेशात जमलंय ते एकसारख्या जुळ्यांमध्ये."

मी ऐकलं नाही. आमचं रक्त एक, अंगकाठी एक, तुम्ही करून न बघता नाही कसं म्हणता, असं बरंच बोललो. आवाज चढला माझा. त्यांनी मला बोलू दिलं. मग मी टोपी घालून उठलो.

भाऊ पवनेच्या काठी चिंचेखाली बसला होता. गाडीत मी काय काय रचून ठेवलं होतं, ते तोंडातून निघेना. म्हणून काचेत दिसलं तेच सांगितलं.

"मग तो नारू न्हवता?"

"न्हाई. तुझ्या मूत्रपिंडाचाच तुकडा."

"काढला कशाला मग?"

"बघायला."

"बघून काय झालं?"

मी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. तोच पुढं म्हणाला, "आयेला सांगू नको."

जेवताना आईनं त्याला सगळ्यांतलंच वाढलं. तो म्हणाला, "आये, मला आता अळणीच ग्वाड लागतंय. जिभेला सवय झाली." आई हसली. म्हणाली, "येडं हाय. बरं झालं तरी आजाऱ्यावानी खातंय." आणि त्याचं वेगळं शिजवायला लागली.

तो पुढच्या पेरणीपर्यंत राहिला नाही. पण त्याआधी आईनं आळंदीचा नवस फेडायला काढला. पोरगा बरा व्हावा म्हणून बोललेला नवस, त्याला नाही कसं म्हणायचं? मी गाडी जुंपली. आई नारळाची पिशवी मांडीवर घेऊन पुढं बसली आणि भोसरी येईपर्यंत भेटेल त्याला सांगत गेली, ह्याला नेतीय, ह्योच तो. भाऊ मागं टेकून बसला होता. दम लागत होता तरी तो बायाबापड्यांना हात जोडत होता. पाय त्यानं घोंगडीखाली घेतले होते. आई सारखी मागं वळून बघायची, आणि ती वळली की तो घोंगडी जरा आणखी ओढायचा. मी बैल हाकत राहिलो.