साऱ्या गावाची गुरं

ही गोष्ट सांगायचं मी इतकी वर्षं टाळलं. परवा पडेगावच्या रस्त्यावर वाळल्या गवताचा वास आला आणि मी पुन्हा कोर्टातल्या साक्षीदाराच्या पिंजऱ्यात जाऊन उभा राहिलो.

निजामाचं राज्य संपवणाऱ्या पोलीस ॲक्शननंतर जमिनींच्या नव्या नोंदी झाल्या. त्यात आमचे शेजारी करीमचाचा यांचं वडिलोपार्जित माळरान सरकारी गायरान म्हणून लागलं. चाचांनी दावा लावला आणि साक्षीला मला नेलं.

सरकारी वकिलानं विचारलं, "तिथं गुरं कुणाची चरतात?"

मी अभिमानानं म्हणालो, "साऱ्या गावाची. चाचा कुणाच्याच जनावराला हाकलत नाय."

"मग गायरानच की हो ते!" वकील हसला.

चाचांचा दिलदारपणाच त्यांच्या विरोधातला पुरावा ठरला. जमीन गेली. मी खरं तेच बोललो होतो, मग चुकलो कुठं, हे मला आजही नीट उमगत नाही.

निकालाच्या दिवशी कोर्टाबाहेर चाचांनीच मला चहा पाजला. "अरे बेटा, तू झूट थोडीच बोलला? पी."

'माफ करा, चाचा' अगदी ओठांवर आलं होतं. मी म्हणालो, "साखर जरा कमी आहे."