सिनेमातला रेमंडचा आवाज

"तो आवाज काढून टाकायला सांग तिला," रेमंड पुन्हा म्हणाला.

"कुठला आवाज?" कुठला ते लूर्दला चांगलंच ठाऊक होतं.

"माझा."

"तो कसा काढायचा, हे मी लग्न झाल्यापासून शोधतेय."

भांडण माहिराच्या सिनेमावरून चाललं होतं. दोह्याच्या अल मन्सूरा भागातल्या त्यांच्या इमारतीत वरच्या मजल्यावर राहणारी ही इजिप्तची मुलगी एकटीच सिनेमे बनवायची. कॅमेरा तिचा, संकलन तिचं, डोकेदुखीही तिचीच. महिनाभर तिने लूर्दच्या स्वयंपाकघरात कॅमेरा उभा केला होता. ना प्रश्न, ना सूचना. इस्पितळातल्या कामावरून आलेली लूर्द कोलंबी सोलते, डबे भरते, स्वतःशीच गुणगुणते, एवढंच. काल माहिराने हॉलमध्ये चादर टांगून ते सगळं दाखवलं, आणि लूर्द स्वतःकडे बघतच राहिली. वसईहून दोह्याला आल्यापासूनच्या फोटोंत रेमंडच होता: उंटाजवळ, समुद्राकाठच्या कॉर्निशवर, चर्चच्या आवारात. फोटो काढणारी ती. तिचा असलाच तर कोपऱ्यात अंगठा.

या सिनेमात मात्र रेमंड कुठेच नव्हता. बाहेरून नुसती हाक यायची, "लूर्द, चहा?" जरा वेळाने, "लूर्द, माझा चार्जर?"

"शुक्रवारी चर्चच्या हॉलमध्ये अर्धी पॅरिश येणार बघायला. मला काय समजतील?"

"ओळखतात ते तुम्हाला, डॅडी," मोबाइलमधून डोकं वर न काढता त्यांची मुलगी कॅरिना इंग्रजीत म्हणाली.

माहिराचा नियम होता: घरातल्या एकानेही नको म्हटलं, तर सिनेमा दाखवायचा नाही. त्यामुळे लूर्दचा जीव टांगणीला लागला होता. शेवटी रेमंडने अट घातली. तो चहा करतोय असा एक सीन घ्यायचा. मग त्याची हरकत नाही.

संध्याकाळी तो ब्लेझर घालून शेगडीपाशी उभा राहिला. आधी कॅमेऱ्याला नाव, गाव आणि हुद्दा सांगितला, कंपनीच्या सेफ्टी व्हिडिओत सांगतात तसा. मग आधण ठेवलं. दूध सापडलं, चहापत्तीही सापडली. पुढचा डबा उघडला तर तांदळाचं पीठ. त्यापुढच्यात मसूर. वरच्या फळीवर सुके बोंबील. त्याने एकेक डबा पुन्हा उघडून पाहिला.

"लूर्द," तो हळूच म्हणाला, "साखर?"

माहिराने तोंडावर हात धरला, पण कॅमेरा चालू ठेवला. "अंकल, हे फार सुंदर आलंय."

"खलास. पुसून टाक ते. चहा झाला नाही, म्हणजे सीन झाला नाही. माझी हरकत कायम."

लूर्दने पुढे होऊन गॅस बंद केला. आधण आटून तळाला गेलं होतं. तिने रेमंडकडे पाहिलं. तो ब्लेझरवरचं पीठ झटकायला लागला.

"सीन घ्यायचा होता, घेतला," ती म्हणाली. "हाही राहील, आधीचे आवाजही राहतील. शुक्रवारी आपण तिघंही जाणार. त्या दिवशी घरी स्वयंपाक नाही."