काकाची रडण्याची धून

तुमचा काका घरात बसून नेमकं काय करतो, असं तुम्ही मागे विचारलंत. फोनवर धड सांगता आलं नाही, म्हणून लिहिते.

तो टीव्हीवरच्या एका मालिकेला पार्श्वसंगीत देतो. तुमचे आजोबा अंथरुणाला खिळले तेव्हा तो मुंबईहून पोलादपूरला आला, तो इथेच राहिला. दुपारी मालिकेचा नवा भाग येतो. संध्याकाळपर्यंत संगीत लावून परत पाठवायचा. रविवारीसुद्धा. खरं तर तो शिकला ते अरेंजरचं काम. एकाच धुनेत व्हायोलिनने काय वाजवायचं, बासरीने कधी थांबायचं, हे ठरवून प्रत्येक वादकाचा कागद वेगळा लिहायचा. पण मालिकेत वादकच नसतात. सगळं संगणकावर.

नायिका रडली की त्याची एक ठरावीक धून वाजते, आणि नायिका बहुतेक रोज रडते. जवळच्या कापडे गावची एक बाई आम्हाला तांदूळ देते. ती म्हणाली, "काकी, तुमच्या पोराचं रडनं वाजलं का आमची सासू पदर डोल्याला लावून बसते. चूल कुनी पेटवायची? त्याला म्हनावं, जरा हसवनारं वाजव. नाय जमत काय?"

मी हे काकाला सांगितलं. तो हसला नाही.

पावसाळ्याच्या शेवटी त्याला एक चित्रपट मिळाला. खरे वादक, मोठा स्टुडिओ. हे जमलं तर मालिका सोडायची, असं त्याने ठरवलं होतं. संगीत द्यायला चित्रपट त्याच्याकडे आला त्या दिवशी त्याने मला बोलावून हेडफोन दिले. नदीकाठी एक म्हातारा बसला होता, आणि त्या दृश्याखाली मालिकेतली तीच रडण्याची धून वाजत होती.

संकलन चालू असताना कामचलाऊ म्हणून कुठलंतरी संगीत लावून ठेवतात. दिग्दर्शकाने ही धून लावली होती, आणि ऐकून ऐकून आता त्याला दुसरं काही चालत नव्हतं. काकाने दोन नव्या धुना करून पाठवल्या. दोन्ही परत आल्या.

"तीच हवी आहे, आई. फक्त आता ती चाळीस माणसं वाजवणार."

नाही म्हणता येत नाही का, असं मी विचारलं.

"येतं की. मग दुसरा कुणीतरी तीच लिहील, आणि मी इथे रोज तीच वाजवेन."

त्याने लिहायला घेतलं. धून तशीच ठेवली, पण तिच्याखाली व्हायोलांसाठी एक वेगळीच ओळ लिहिली. व्हायोला म्हणजे व्हायोलिनची जाड आवाजाची थोरली बहीण. त्या आठवड्यात तो जेवायला स्वतःहून खाली यायचा. मग दिग्दर्शकाचा निरोप आला: फार छान, पण खाली ते काय चाललंय तेवढं काढा, आपली धून वाटत नाही.

काढण्याआधी काकाने मला ती ओळ ऐकवली. नुसती तीच, वरची धून बंद करून. ती कुठेच रडत नव्हती. मला अजून एकदा ऐकायची होती, पण तेवढ्यात मालिकेचा भाग आला होता.