ब्रिताबाईंसाठी आलेला फोन

हे मी कुणाजवळ बोललेले नाही. मुलाजवळ नाही, सुनेजवळ नाही. तुम्हाला का सांगतेय — तेही नीट कळत नाही.

दोन हजार सहा साली मी ऑकलंडला, माउंट रॉस्किलमध्ये मुलाकडे राहत होते. सांगलीच्या शाळेतून इंग्रजी शिकवून निवृत्त झालेली, नवरा नुकताच गेलेला. दिवसभर घरात कुणी नसायचं. नात शाळेतून आली की माझं मराठी ऐकून घ्यायची, इंग्रजीत उत्तर द्यायची आणि खोलीत जायची.

शेजारी ब्रिताबाई होत्या. ऐंशीच्या घरातल्या, स्वीडनच्या. तरुणपणी तिथल्या रंगभूमीवर गाजलेल्या, सिनेमेही केलेले. मग बोटीवरच्या एका इंजिनियरशी लग्न करून न्यूझीलंडला आल्या, आणि इथं उच्चारांपायी कामंच मिळाली नाहीत.

नटी आतून कशी असते हो? मला भारी कुतूहल. रोज दुपारी त्यांच्या स्वयंपाकघरात जाऊन बसायचे आणि विचारत सुटायचे. मासे विकणाऱ्याची मुलगी नाटकात गेली कशी? पहिल्या भूमिकेत एकही शब्द नव्हता, नुसता ट्रे घेऊन जायचं — मग कुणाच्या नजरेत भरलात? आणि स्टेजवर मेल्यावर श्वास कसा घेता?

"समोरचा बोलायला लागला की हळूच," त्या म्हणाल्या. "आमचा नायक फार वेळ गप्प राहायचा. एकदा खरंच मेले असते."

इतकी हसले मी — नवरा गेल्यानंतर पहिल्यांदाच.

त्याच वर्षी शहरातल्या एका नाटकमंडळीला म्हातारी परदेशी बाई हवी होती. ब्रिताबाई जाऊन संवाद वाचून दाखवून आल्या. त्यांना कमी ऐकू यायचं, म्हणून मला सांगून ठेवलं, "मालती, मी बागेत असले आणि फोन वाजला, तर तू घे."

वाजला. त्या मागे टोमॅटोंना पाणी घालत होत्या. खिडकीतून मला दिसत होत्या. पलीकडून एक मुलगी "किया ओरा", म्हणजे तिथला नमस्कार, म्हणाली आणि आनंदानं सांगू लागली — भूमिका ब्रितांचीच, तालमी रोज दुपारी.

रोज दुपारी.

हाक मारायला दहा पावलं जायचं होतं. गेले का मी? मी म्हणाले, "त्यांची तब्येत बरी नसते. त्यांना नाही जमणार."

"नक्की?"

"नक्की." इतकं स्वच्छ इंग्रजी मी वर्गातही बोलले नव्हते.

त्या आत आल्या, चिखलाचे हात धुतले. "कुणाचा होता?"

"राँग नंबर."

रोजच्या त्या दुपारी मला माझ्यासाठी हव्या होत्या. दुसरं काहीही कारण नव्हतं.

पुढं बरेच दिवस त्या विचारत राहिल्या — फोन आला का? मग विचारायच्या थांबल्या. एक दिवस दारात पडणाऱ्या फुकट पेपरात त्या नाटकाचा फोटो आला. भिंग धरून ब्रिताबाईंनी त्या भूमिकेतल्या दुसऱ्या बाईकडे बराच वेळ पाहिलं.

"शोभतेय छान," म्हणाल्या. मग — "मला जमलं असतं का गं?"

"तुमच्यासारखं कुणालाच जमलं नसतं."

त्यांनी माझा हात हातात घेतला. म्हणाल्या, "तू होतीस म्हणून हे दिवस निघाले." आणि मी तो हात तसाच राहू दिला.

त्यानंतर वर्षभर त्या होत्या. मी सांगितलं नाही.