मापाचा पाय

नगरच्या एमआयडीसीत आम्ही बर्फात घालायचे बूट बनवतो. आत जाड लोकर, नाडी नाही, नुसते ओढून चढवायचे. मी त्यांचे साचे आखतो. नमुना घालून बघायचं काम आमच्या शेडमधल्या जुन्या कामगाराकडे, चाचांकडे, कारण त्यांचा पाय नेमका मापाचा. भर मे महिन्यात, पत्र्याखाली, लोकरीत पाय घालून ते शेडभर फेऱ्या मारतात. डबाही उभ्यानंच खातात. "बसलं की पाय जड पडत्यात," म्हणतात. मला बघूनच गुदमरायला होतं.

परवा दुपारी नवा नमुना ओढताना ते घामाघूम झाले. "लई घट्ट हाय. वाढवा."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पोचलो, तर ते तोच बूट घालून माझ्या टेबलापाशी येरझाऱ्या घालत होते.

"वाढवू नका. बूट बरोबर हाय. दुपारचा माझा पायच सुजतोय. लई दिवस झालं."

"मालकांना कळलं तर?"

"त्यांना सांगूनच आलोय. दुसऱ्या कुणाचा पाय बघा म्हणलं."

बूट काढून ठेवून ते अनवाणीच सोल चिकटवायच्या मशीनवर कामाला गेले. तिथंही पाय एका जागी ठरेनात.

मी मात्र रॅकवरच्या जुन्या साच्यांकडे बघत बसलोय. यातला कुठला सकाळच्या पायावरचा, कुठला दुपारच्या? बूट तर कधीच रवाना झालेत.