मधल्या खोलीचा हुकूम

बायकोला मारायच्या आधी रामलिंग हात धुवायचा. नांदेडात त्याचं मोटार रिवाइंडिंगचं दुकान होतं. दिवसभर बोटांना वार्निश लागलेलं असायचं. घरी आला की मोरीत साबणाने कोपरापर्यंत हात धुणार, टॉवेलला पुसणार आणि मग सुकन्याला हाक मारणार. गल्लीत त्याचा आवाज कधी चढला नाही. लोक म्हणायचे, लई शांत माणूस.

सुकन्या अहमदपूरकडची. लग्नाला अकरा वर्षं झाली होती, मुलगी तनुजा तिसरीत होती. २०१९च्या जुलैत एक दिवस दुकानावर डबा उशिरा पोचला. रामलिंग भरदुपारी घरी आला. हात धुतले. डाव्या कानशिलात एकच लगावली आणि कानातून रक्त आलं.

सासू गुरम्मा तिला सरकारी दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरांनी विचारलं, "कशानं झालं?" गुरम्मा शेजारच्या बाकड्यावरच बसली होती.

"पायरीवरून पडले," सुकन्या म्हणाली. डॉक्टरांनी तसं लिहिलं. पडदा फाटला होता. त्या कानानं तिला पुन्हा ऐकू आलं नाही.

आठ दिवसांनी ती तनुजाला घेऊन निघाली. आधी पोलीस ठाण्यात गेली. हवालदार म्हणाले, "समज देऊ का त्याला? का लेखीच पायजे?" ती म्हणाली, लेखीच. त्यांनी अदखलपात्र म्हणून नोंद केली आणि कागद हातात दिला. तो कागद पिशवीत घालून ती अहमदपूरच्या एसटीत बसली. भाऊ निवृत्तीनं दार उघडलं, दोघींकडं पाहिलं आणि काही न विचारता बायकोला ताटं वाढायला सांगितलं.

पुढं कुणीतरी संरक्षण अधिकाऱ्याचं सांगितलं. अशा बायकांचे अर्ज कोर्टापुढं ठेवणं हे त्यांचं काम. तिथल्या अधिकारी उज्वलाताईंनी दोन तास बसून अर्ज भरला. "घर सोडायचंय की घरात राहायचंय?" त्यांनी विचारलं.

सुकन्यानं विचार केला. भावाचं घर दोन खोल्यांचं होतं. "राहायचंय," ती म्हणाली. "त्यानं हात लावू नये, एवढंच."

मग तारखा सुरू झाल्या. पहाटेच्या गाडीनं नांदेड, कोर्टाच्या व्हरांड्यात बाकडं, पुकारा, पुढची तारीख. एकदा समोरचा वकील आला नाही. एकदा साहेबांची बदली झाली. लॉकडाऊनमध्ये तर सगळंच बंद राहिलं. सुरुवातीला ती प्रत्येक तारखेला काय बोलायचं ते गाडीत मनाशी घोकायची. नंतर खिडकीला डोकं टेकून झोपायला लागली.

तिचा उलटतपास सुरू झाला तेव्हा तनुजा सातवीत होती. रामलिंगचा वकील तिच्या डाव्या हाताला उभा राहिला.

"तुम्ही डॉक्टरला पायरीवरून पडले असं सांगितलं?"

"हाव."

मग त्यानं आवाज खाली आणून काहीतरी विचारलं. ते तिला ऐकू आलं नाही. ऐकू आलं नाही की हो म्हणायची तिला सवय लागली होती. ती म्हणाली, "हाव."

न्यायाधीश मॅडमनी टंकलेखकाला हातानं थांबवलं. "बाई, काय विचारलं ते कळलं का तुम्हाला?"

सुकन्यानं डाव्या कानाला हात लावला. मग म्हणाली, "त्या बाजूनं ऐकू येत न्हाई मला."

मॅडमनी वकिलाला दुसऱ्या बाजूला यायला सांगितलं. त्यानं पुन्हा विचारलं, आता मोठ्यानं, "तुम्ही खरोखरच पायरीवरून पडल्या होत्या, हे खरं आहे?"

"न्हाई. त्यानं मारलं."

"मग डॉक्टरांशी खोटं कामून बोललात?"

"सासू तिथंच बसली होती. दवाखान्यातून तिच्यासंगंच घरी जायचं होतं मला."

टंकलेखकानं ते उतरवून घेतलं. रामलिंग मागच्या बाकावर दोन्ही हात मांडीवर ठेवून बसला होता.

२०२४च्या सप्टेंबरात निकाल लागला. रामलिंगनं तिला मारहाण करू नये. मधली खोली आणि स्वयंपाकघराचा वापर तिचा. उज्वलाताईंनी तिचा हात दाबला. सुकन्याला वाटलं होतं या दिवशी आपल्याला रडू येईल. तिनं बसस्टँडवर पोहे खाल्ले, पाणी प्याली आणि गाडीची वाट पाहत बसली.

चार दिवसांनी एका महिला शिपायासोबत ती त्या घरात गेली. शिपाईबाईंनी हुकूम वाचून दाखवला. रामलिंगनं सही केली, पुढच्या खोलीत गेला. गुरम्मानं मधल्या खोलीतली आपली ट्रंक ओढत बाहेर नेली. म्हणाली, "पंखा हळू फिरतोय त्यातला." एवढंच.

तेव्हापासून सुकन्या तिथं राहते. सकाळी एका मुलींच्या वसतिगृहात पोळ्या करायला जाते, दुपारी येते, कडी लावून झोपते. रामलिंग तिच्याशी बोलत नाही. मारतही नाही. हुकूम पाळला जातोय. उज्वलाताई फोन करून विचारतात, "काही त्रास?" ती सांगते, "न्हाई ताई." आणि ते खरं असतं.

तनुजा मात्र मामाकडंच राहिली. दिवाळीत निवृत्ती तिला घेऊन आला, तर ती उंबऱ्याच्या आत आली नाही. चपला पायात तशाच ठेवून उभी राहिली.

"आत ये की," सुकन्या म्हणाली. "खोली आपली हाय. कोर्टानं दिलीय."

"तुला दिलीय, माय. मी न्हाई मागितली ती."

सुकन्यानं आतून सतरंजी आणली. दोघी बाहेर ओट्यावर बसल्या. तनुजानं शाळेचं सांगितलं, गणिताचे सर बदलले ते सांगितलं. सुकन्या उजवा कान तिच्याकडं करून ऐकत होती. चारला निवृत्ती उठला, गाडी चुकेल म्हणाला.

डिसेंबरात रामलिंगनं वरच्या कोर्टात अपील केलं. नोटीस मधल्या खोलीच्या दाराला लावलेली होती. सुकन्यानं ती काढली, तारीख वाचली आणि दुसऱ्या दिवशी वसतिगृहाच्या बाईंना सांगितलं की एकवीस तारखेला आपण येणार नाही.